दाराबाहेरचा कॅमेरा

फोन आला तेव्हा मी गच्चीवर कपडे वाळत घालत होते. चोपड्याहून आबांच्या जावयाचा फोन. "ताई, आबा गेले. पहाटे... नाही, आत्ताच, साडेआठला." बिचाऱ्याने आधी पहाट म्हटलं आणि मग स्वतःच दुरुस्त केलं. मी उगाच वर पाहिलं. धुळ्याला फेब्रुवारीच्या शेवटी साडेआठचं ऊन अजून कामाचं असतं. नऊनंतर त्याच्याकडून काही करून घेता येत नाही, हे मला आबांनीच शिकवलं होतं. हातातली ओली चादर तशीच दोरीवर टाकली आणि मनात पहिली गोष्ट आली ती ही की, ते काम राहिलं. माणूस गेल्याचं दुःख नंतर आलं. खरं सांगायचं तर गाडीत बसल्यावर, शिरपूर मागे पडल्यावर आलं. आधी आली ती शरम. आबांना मी एक शब्द दिला होता. माझ्या सिनेमातल्या जेमतेम दीड मिनिटाच्या एका दृश्यापुरता. आणि चार महिने झाले तरी तो पाळला नव्हता.

हिरामण आबा तुम्हाला माहीत असण्याची शक्यता कमी. माझ्या तिन्ही सिनेमांचे छायालेखक तेच. एकदा पेपरात त्यांचं नाव चुकीचं छापून आलं, तर ते कात्रण त्यांनी फ्रेम करून दुकानात लावलं आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवत बसले. चोपड्यातले लोक मात्र त्यांना पासपोर्ट फोटोवाले म्हणूनच ओळखत. माझीही ओळख तिथूनच झाली. बारा वर्षांपूर्वी मी शाळेतली नोकरी सोडून सिनेमा करते म्हणाले, तेव्हा आमच्या घरात जे रामायण झालं ते इथे लिहिण्यासारखं नाही. मुंबईहून ठरवून आणलेला कॅमेरामन केळीच्या बागा बघायला आला, एप्रिलचे दोन दिवस कसेबसे काढले आणि तिसऱ्या दिवशी आईला बरं नाही म्हणून जो गेला तो गेलाच. मी चिडून एकटीच हिंडत होते. शूटिंगच्या परवानगीच्या अर्जावर फोटो लागणार होता, म्हणून समोर दिसलेल्या स्टुडिओत शिरले.

आत उत्तरेच्या खिडकीशी एक स्टूल. फ्लॅश नाही, छत्री नाही, काही नाही. खांद्यावर इकडच्या बागायतदारांसारखा पांढराशुभ्र रुमाल टाकलेला पन्नाशीपुढचा माणूस मला बसवून नुसता बघत राहिला. पाच मिनिटं झाली, दहा झाली. मुळात माझ्या नाकावर राग, त्यात ते ऊन. म्हटलं, "भाऊ, फोटो काढताय की पोरगी पसंत करताय?" तो माणूस जराही न हसता म्हणाला, "ताई, जरा ढग येऊ द्या. तुमना कपायवर आठ्या शेत. कडक उजेडमा त्या आजून खोल दिखतीस." ढग आला आणि फोटो निघाला. त्या फोटोत मी चक्क शांत दिसत होते. घरी दाखवला तर नवरा म्हणाला, ही कोण?

अर्ज कशाचा, असं त्यांनी विचारलं. मी सांगितलं, सिनेमाचा. पुढचा माणूस साधारण विचारतो की हिरो कोण. आबांनी विचारलं, "सिनेमामा दुपार कितली शे?" मी म्हटलं, बठ्ठी, सगळी दुपारच. तेव्हा त्यांनी मला चहा सांगितला. तरुणपणी मुंबईत काही वर्षं ते लाइटमन होते. वडिलांना अर्धांगवायू झाला तसे परत आले आणि इथलेच झाले. दुकानाच्या मागे घर, मध्ये एक अरुंद बोळ. भिंतीवर उन्हामुळे एक डोळा बारीक करून हसणाऱ्या, दोन वेण्या घातलेल्या मुलीचा हार घातलेला फोटो होता. मी विचारलं. "मनी मोठी पोर," माझी थोरली, एवढंच बोलून ते कॅमेऱ्यावरच्या फडक्याची घडी घालायला लागले. पुढे बारा वर्षांत मी तो विषय काढला नाही, आणि त्यांनीही नाही.

लोक मला विचारतात, सिनेमा कसा दिसणार हे कोण ठरवतं, दिग्दर्शक की कॅमेरामन? पहिल्या सिनेमाच्या वेळी मी ठणकावून सांगितलं असतं की मी ठरवते. आबांनी माझ्याशी यावर वाद घातला नाही. त्यांनी मला नुसतं बसवलं. जिथे शूटिंग करायचं त्या घरात कॅमेरा न आणता सकाळपासून संध्याकाळपर्यंत बसायचं, दोघांनीही, आणि बोलायचं नाही. माझ्यासारख्या बाईला बोलायचं नाही म्हणजे काय शिक्षा असते ते माझ्या घरच्यांना विचारा. पण दुपारी दोनच्या सुमाराला मला दिसायला लागलं. मे महिन्यात आपल्याकडे बाहेर रंगच उरत नाही, सगळं पांढरं होतं. माणसं दारं-खिडक्या लावून घेतात आणि घरातल्या अंधारात जो काही उजेड येतो तो वरून येत नाही, दाराच्या फटीतून फरशीवर पडतो आणि खालून चेहऱ्यावर उठतो. मी जन्मापासून त्या उजेडात वाढले आणि चाळिशीपर्यंत तो पाहिला नव्हता. संध्याकाळी वहीत मी काय लिहिलंय ते आबांनी विचारलं नाही. स्वतः काय पाहिलं तेही सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशी कॅमेरा कुठे ठेवायचा यावर मात्र आमचं दोघांचं बोट एकाच कोपऱ्याकडे गेलं.

त्यांची दुसरी पद्धत चिंध्यांची. जळगावात एका मारवाडी शेठजींचं कापडाचं दुकान होतं, तिथे उरलेल्या तुकड्यांचा ढीग असायचा. सिनेमा सुरू व्हायच्या आधी आबा मला तिथे घेऊन जायचे. ते एका टोकाला, मी दुसऱ्या टोकाला. सिनेमाचे वाटतात ते रंग ज्याने त्याने उचलायचे आणि मग काउंटरवर समोरासमोर मांडायचे. दोघांनी उचललेला रंग राहिला. एकानेच उचलला असेल तर भांडायचं. दोन-दोन तास भांडायचो आम्ही. मातकट पिवळा की हळदीचा पिवळा यावरून माझा आवाज इतका चढायचा की शेठजी दुसऱ्या गिऱ्हाइकांना सांगायचे, "घाबरू नका, ते नवरा-बायको नाहीत, सिनेमावाले आहेत." शेवटी सात-आठ चिंध्या उरायच्या. त्या एका कापडी पिशवीत जायच्या, पिशवी आबांच्या खांद्याला. नायिकेचं लुगडं, घराची भिंत, चहाचा कप, काहीही असो, पिशवीत नसलेला रंग चौकटीत यायचा नाही.

याच नियमापायी आम्ही एकदा मार खाता खाता वाचलो. दुसऱ्या सिनेमाची गोष्ट. धुळ्यात एका गल्लीत शूटिंग होतं आणि त्या गल्लीत प्रत्येक ओट्यावर निळा प्लास्टिकचा ड्रम. पिशवीत निळा नव्हता. आबा आणि मी दोघांनी मिळून मोठ्या शहाणपणाने ठरवलं की ड्रम हलवायचे. बायकांची समजूत घातली आणि सगळे ड्रम कोपऱ्यावरच्या शाळेच्या आवारात नेऊन ठेवले. झालं! आठ दिवसांनी यायचं ते पाणी नेमकं त्या सकाळी आलं, तेही वेळेच्या आधी. नळ वाहतायत आणि भरायला गल्लीत एक भांडं नाही. बायका आमच्यावर जे तुटून पडल्या! त्यातली एक आजी आबांना विचारत होती, "बापा, ड्रमनी तुनं काय बिघाडं?" आबांनी कॅमेरा खाली ठेवला, रुमाल कमरेला बांधला आणि एकेक ड्रम स्वतः वाहून आणला. आम्ही सगळेच धावलो. पाणी गेलं तेव्हा सगळ्यांचे ड्रम भरले होते आणि आमचा दिवस गेला होता. मी फणफणत होते. आबा ओट्यावर बसून पाय चोळत म्हणाले, "ज्याना बिगर गल्लीनं चालस नही, तो रंग आपले चालस नही? मंग आपलाच सिनेमा खोटा शे." दुसऱ्या दिवशी जळगावला जाऊन त्यांनी पिशवीत निळी चिंधी आणून टाकली. निळा टाळून केलेलं पहिल्या पाच दिवसांचं काम आम्ही पुन्हा केलं. त्या सिनेमातला निळा ड्रम नंतर लोकांच्या इतका लक्षात राहिला की मला त्यावर भाषणं द्यावी लागली. मी दर वेळी ही गोष्ट सांगते. चूक कबूल करायला इतका कमी वेळ घेणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही. मला स्वतःला फार वेळ लागतो.

तेच तर झालं. तिसरा सिनेमा आखाजीचा, म्हणजे आमच्याकडच्या अक्षय्य तृतीयेचा. आखाजीला माहेरी न्यायला भाऊ येणार म्हणून वाट बघणारी बाई, आणि येते ती भाऊ गेल्याची बातमी. बातमी सांगून माणसं जातात, मग ती स्वयंपाकघरात जाऊन बसते, एवढंच दृश्य. मला कॅमेरा आत हवा होता, तिच्यासमोर. माझी नटी गुणी होती, तिच्या डोळ्यांतलं पाणी मला दिसायला हवं होतं. आबा उंबऱ्याबाहेर उभे राहिले आणि हलेनात. "आत जाणं नही. आपण अठेच थांबानं." मी म्हटलं, का? त्यांनी कारण दिलं नाही. बारा वर्षांत तेवढ्या एकाच वेळी दिलं नाही. दार लोटलेलं, वीतभर फट. बाहेरच्या उन्हात त्यांनी आपला पांढरा रुमाल जमिनीवर अंथरला, म्हणजे त्याच्यावरचा उजेड फटीतून आत जाईल, आणि स्वतः भर उन्हात बोडक्याने दृश्य घेतलं. चौकटीत अर्धं दारच होतं, काळं. फटीतून तिची वाकलेली पाठ, सूप धरलेला एक हात आणि मागे डब्यांची एक चमकती कड. चेहरा नाहीच, गालाची रेघ तेवढी. मी कुरकुरले, "आबा, काही दिसत नाहीये." ते म्हणाले, "बठ्ठं दिखनं तं देखनारानी काय करानं?" मी पुन्हा पाहिलं आणि म्हटलं, ठीक आहे. हे 'ठीक आहे' मी मनापासून म्हटलं होतं, एवढं इथे लिहून ठेवते.

पुढे मुंबईत कलर करेक्शनला, म्हणजे चित्राचा रंग-उजेड नीट करायला बसले. आबा नव्हते, त्यांच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन होतं. तिथल्या मंडळींनी ते दृश्य पाहून माना हलवल्या. फोनवर काळं दिसेल, लोक पुढे ढकलतील, ताई. मी दोन दिवस नाही म्हटलं. तिसऱ्या दिवशी कुणीतरी गंमत म्हणून उजेड वाढवून दाखवला. आणखी थोडं जवळ घेतलं, तर दार चौकटीबाहेर गेलं आणि तिच्या गालावरचा ओघळ दिसायला लागला. माझ्या अंगावर काटा आला. म्हटलं, राहू द्या. चोपड्याला फोन करायला पाहिजे होता, केला नाही. मला माहीत होतं ते काय म्हणतील, म्हणूनच केला नाही. धुळ्याच्या थिएटरात पहिला खेळ झाला तेव्हा आबा माझ्या शेजारी बसले होते. ते दृश्य आलं तेव्हा हॉलमधल्या बायका हुंदके देत होत्या. आबांनी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. खेळ संपल्यावर म्हणाले, "चांगला झाला सिनेमा," आणि खांद्यावरची चिंध्यांची पिशवी काढून माझ्या हातात दिली. आधीच्या दोन्ही सिनेमांच्या पिशव्या त्यांच्याकडेच होत्या. मग बस धरून ते चोपड्याला गेले.

दोन वर्षं आम्ही बोललो नाही. मला वाटायचं, अरे, सिनेमा माझा आहे, दिग्दर्शक मी आहे, एवढा कसला ताठा? वरून त्याच दृश्यासाठी लोक माझी पाठ थोपटत होते आणि मी थोपटून घेत होते. आबांचा ताठा नव्हता, माझा होता... हे आता लिहिणं सोपं आहे.

गेल्या दिवाळीआधी कळलं की त्यांचं पोटाचं दुखणं हाताबाहेर गेलंय. तशीच उठून गेले. आबा त्याच खिडकीशी खाटेवर होते, निम्मे झालेले. मला बघून म्हणाले, "बस मास्तरीण. आठ्या तश्याच शेत." मी रडायला लागले तर थांबवलं नाही. अक्कांनी, म्हणजे त्यांच्या बायकोने, पाणी आणून दिलं आणि त्या आत गेल्या. मग आबा हळूच म्हणाले, "तू अंधार काढा, तेनं काही नही. तू दार कापी टाकं." अंधार काढलास त्याचं काही नाही, दार कापलंस त्याचं आहे, असं. "तिनी दार लोटी लिन्हं व्हतं, मास्तरीण. तिले कोनी देखाले नको व्हतं." मी म्हटलं, आबा, मूळ सगळं माझ्याकडे आहे, मी परत जसंच्या तसं करते. ते म्हणाले, "करजो. आनि माले दखाडजो." मला दाखव, एवढंच मागणं. धुळ्याला आले आणि आज करू, उद्या करू करत राहिले. कारणं पुष्कळ होती, खरं कारण एकच होतं. तो ओघळ मला सोडवत नव्हता. आबा आहेत अजून, असं मी धरून चालले होते.

त्या सकाळी चोपड्याला पोचले तेव्हा त्यांना न्यायची तयारी चालली होती. सगळं आटोपून पुरुष परतले, आंघोळी झाल्या, पाहुणे पांगले. मी दुकानातल्या स्टुलावर बसून होते. तिथून बोळाच्या टोकाला स्वयंपाकघराचं दार दिसतं. बारा वर्षांत मी शंभरदा तिथे बसले असेन. अक्का आत गेल्या आणि त्यांनी दार लोटून घेतलं. वीतभर फट राहिली. अंगणातलं ऊन फटीतून आत फरशीवर पडलेलं, आणि त्यात अक्कांची वाकलेली पाठ, एक हात, डब्यांची कड... कुणीतरी मला म्हणालं, "ताई, तुम्ही जा ना आत, अक्का एकट्याच आहेत." मी उठले नाही.  हार घातलेल्या त्या दोन वेण्यांकडे मी पाहिलं आणि मला इतक्या वर्षांनी समजलं की आबा त्या दिवशी आत का गेले नाहीत, माझ्या शूटिंगच्या दिवशी, आणि त्याच्याही कितीतरी आधी, पोर गेली त्या दिवशी.

तेराव्यानंतर मुंबईला गेले. तीच मंडळी, त्याच खुर्च्या. चिंध्यांची पिशवी टेबलावर ओतली आणि म्हटलं, या रंगांच्या बाहेर जायचं नाही, आणि हे दृश्य जसं घेतलंय तसं. अंधारासकट, दारासकट. एक जण चाचरत म्हणाला, "ताई, चेहरा दिसणार नाही." मी म्हटलं, हो. आता जिथे कुठे हा सिनेमा दिसेल तिथे तो असाच दिसेल. यावरून दोन-चार फोन आले, मी पूर्वीच्या आवाजात उत्तरं दिली आणि विषय मिटला.

आबांना दाखवायचं राहिलंच. म्हणून परवा लॅपटॉप घेऊन अक्कांकडे गेले. थिएटरला अक्का आल्या नव्हत्या, गर्दी त्यांना सोसत नाही. दुकानात स्टुलावर लॅपटॉप ठेवला, आम्ही दोघी सतरंजीवर. अर्धा सिनेमा त्या पदराशी चाळा करत बघत होत्या, मध्येच नटीच्या भाकरी थापण्याला नावं ठेवत होत्या. मग ते दृश्य आलं. दार, फट, पाठ, सूप. अक्कांचा चाळा थांबला. त्यांनी पडद्याकडे पाहिलं, मग मान वळवून बोळातून आपल्या दाराकडे, मग पुन्हा पडद्याकडे.

"ह्या अठेच उभा व्हतात?" त्यांनी मला विचारलं. ह्या म्हणजे आबा; नवऱ्याचं नाव त्या घेत नाहीत.

 त्याच हळूहळू बोलत राहिल्या. पोरीला नेलं त्या दुपारी माणसं गेल्यावर त्यांनी दार लोटून घेतलं होतं. हाताला काहीतरी हवं म्हणून सूप घेतलं होतं. "माले वाटनं, ह्या दुकानमा जाई बसनात. पोर गयी आनि यास्ले दुकान सुचस..." हा राग त्यांनी आयुष्यभर धरून ठेवला होता, बोलल्या कधीच नाहीत. आबाही बोलले नाहीत. बोलायचं ते त्यांनी माझ्या सिनेमात ठेवलं होतं, अक्का कधीतरी बघतील म्हणून, आणि मी ते कापून टाकलं होतं. मी दोन वर्षं त्याच्यावर टाळ्या घेत होते आणि इकडे खाटेवर पडलेला माणूस काहीही खुलासा न करता नुसतं म्हणत होता, करजो.

"परत लाव," अक्का म्हणाल्या. मी लावलं. त्यांनी तीनदा पाहिलं. तिसऱ्यांदा त्या बाईकडे बघत नव्हत्या, दाराची काळी कड जिथे संपते तिथे, अलीकडे, आपल्या बाजूला बघत होत्या. मग डोळे पुसून उठल्या. चहा ठेवते म्हणाल्या. जाता जाता खुंटीवरचा आबांचा पांढरा रुमाल त्यांनी हाताने जरा सारखा केला, बोळातून आत गेल्या आणि सवयीने दाराला हात लावला. पण लोटलं नाही. मी स्टुलाशी बसून होते तिथून मला आतला गॅस, भांडी आणि अक्कांचा चेहरा, सगळं दिसत होतं.